पुरण कोणी वाटले?

महाराष्ट्राबाहेर निघणाऱ्या मराठी नियतकालिकांचे, आणि त्यांतही दिवाळी अंकांचे, वाचन ज्यांनी चार-सहा वर्षे नेमाने केले आहे, त्यांस एका विशिष्ट लेखप्रकाराची ओळख करून देण्याचे प्रयोजन नाही. लेखक बहुधा केंद्र सरकारच्या एखाद्या खात्यात असतो. बदलीच्या गावी तीन-चार वर्षे काढून तो पुढच्या हुकमाची वाट पाहत असतो, आणि सणासुदीच्या सुमारास त्याला आपल्या मूळ घराची आठवण होते. मग कोकणातले नाहीतर देशावरचे एक घर आपल्यापुढे उभे राहते. पहाटे अंगणात सडा पडतो, रांगोळी उमटते, बंबात पाणी तापते, उटण्याचा वास सुटतो, पुरण शिजते, पाने मांडली जातात, नैवेद्य होतो, पंगत उठते. शेवटी लेखक परमुलखातल्या आपल्या सदनिकेच्या गॅलरीत उभा राहून एक सुस्कारा टाकतो, आणि लेख संपतो.

ह्या लेखांची भाषा पुष्कळदा सुरेख असते आणि भावना तर बहुधा खरीच असते. आमचा आक्षेप ह्या दोहोंवर नाही. तो व्याकरणावर आहे. पडतो, उमटते, तापते, सुटतो, शिजते, होतो, उठते! ही सारी अकर्मक क्रियापदे आहेत. जेथे सकर्मक क्रियापद टाळता येत नाही तेथे 'मांडली जातात' असा प्रयोग करून लेखक निसटतो. दहा परिच्छेदांच्या लेखात कर्ता म्हणून सापडत नाही. सडा पडतो, परंतु तो टाकते कोण? पुरण शिजते हे मान्य. पण शिजलेली हरभऱ्याची डाळ चाळणीवर उपसून कट वेगळा काढणे, गूळ घालून ती पुन्हा चुलीवर चढविणे, उलथणे मधोमध उभे राहीपर्यंत हात न थांबविता घोटणे, आणि मग ते ऊन-ऊन असतानाच पाट्यावर वाटून काढणे, ह्यांपैकी एकही गोष्ट आपोआप होत नाही. कुणाच्या तरी दंडाला त्याची रग लागते. लेखात पुरणाचा वास येतो, रग लागत नाही.

हा केवळ शैलीचा दोष असता तर आम्ही त्याच्या वाटेस गेलो नसतो. परंतु कर्ता नसलेल्या ह्या वाक्यांतून एक विचार नकळत रुजतो. घरातील परंपरा ही पावसासारखी नैसर्गिक घटना आहे, मूळ गावी ती पडत असे आणि येथे पडत नाही, असा तो विचार होय. एकदा हे गृहीत धरले की ती येथे का पडत नाही ह्याचे उत्तर शोधताना दोष शहराला दिला जातो, इंग्रजी शाळेला दिला जातो, आणि पुष्कळदा, उघड नाही तरी सूचकतेने, सुनेला दिला जातो. जे हात ते काम करीत होते ते आज कोठे आहेत, हा साधा प्रश्न कोणी विचारीत नाही. आमच्या वाचकांपैकी अनेकांच्या घरी ते हात सकाळी साडेनऊला कार्यालयाच्या बसमध्ये बसलेले असतात.

ह्या बाबतीत आपले वाङ्मय दरिद्री आहे असे मात्र कोणी म्हणू नये. उलट, ज्या बदलीच्या जीवनाला आपले लेखक दु:खाचे मूळ समजतात, त्याच जीवनातून मराठीतील घरगुती लेखनाचा एक उत्कृष्ट ग्रंथ निर्माण झालेला आहे. रमाबाई रानडे ह्यांचे 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' हे पुस्तक १९१० साली प्रसिद्ध झाले. न्यायमूर्ती रानडे ह्यांचे चरित्र म्हणून ते वाचण्याची आपल्याकडे पद्धत आहे. परंतु आम्हांस ते सर्वप्रथम एका बदली होणाऱ्या अधिकाऱ्याच्या घराचे पुस्तक वाटते. पुणे, नाशिक, धुळे, पुढे जिल्ह्याजिल्ह्यांतून फिरती, आणि १८९३ पासून मुंबई. पुण्याच्या घरात वडीलधाऱ्या बायका आहेत, आणि धाकट्या सुनेने रात्री नवऱ्याजवळ बसून अक्षरे गिरवावीत हे त्यांना पाहवत नाही. १८७८ साली नाशिकला बदली होते आणि प्रथमच संसाराची सूत्रे रमाबाईंच्या हाती येतात. नाशिकला गेल्यामुळे घर तुटले असे त्या म्हणत नाहीत. घर कशाकशाचे बनलेले होते हे त्यांना बाहेर पडल्यावरच दिसू शकले, आणि म्हणूनच ते लिहिता आले, असे आमचे मत आहे. जे घरात असताना न बोलता होत असते ते परगावी बोलून दाखवावे लागते. किती घ्यायचे, कधी करायचे, कोणाला आधी वाढायचे, हे सारे नव्याने ठरवावे लागते. लेखनाची सुरुवात तेथेच होते.

रमाबाईंच्या भाषेतील एक लकब येथे मुद्दाम सांगण्यासारखी आहे. पतीचा उल्लेख त्या 'स्वत:' ह्या शब्दाने करतात. नवऱ्याचे नाव न घेण्याचा रिवाज पाळूनही वाक्यात कर्ता ठसठशीत उभा करण्याची ही युक्ती इतकी परिणामकारक आहे की, पुढे ह्या पुस्तकाचे जे इंग्रजी भाषांतर झाले त्याचे नावच त्या एका शब्दावरून ठेवण्यात आले. रिवाज आणि स्पष्टता ह्यांचे वैर नसते, हे ह्यावरून ध्यानी यावे. घरातील कुचंबणा, टोमणे, अबोला हे सर्व त्यांनी लिहिले आहे. ते लिहिताना घराविषयीचा आदर त्यांच्या लेखणीतून यत्किंचितही कमी झालेला नाही. १८९० साली पंचहौद मिशनमधील चहाचे जे प्रकरण घडले त्याकडे इतिहासकार सुधारक आणि सनातनी ह्यांचा वाद म्हणून पाहतात; घराच्या बाजूने पाहणाऱ्याला त्याच प्रकरणात श्राद्धाला ब्राह्मण कोठून आणावा ही विवंचना दिसते. पेला एकच, पण दिवाणखान्यात त्याचा अर्थ एक होतो आणि स्वयंपाकघरात दुसरा.

लक्ष्मीबाई टिळकांचे 'स्मृतिचित्रे' ह्याहून धीट आहे. त्याचा पहिला भाग १९३४ साली निघाला. लक्ष्मीबाई पतीला सरळ 'टिळक' म्हणतात, आणि स्वत:ला 'मी' म्हणतात. त्यांच्या वडिलांचे सोवळे इतके कडक की, बाजारातून आलेला जिन्नस धुतल्यावाचून घरात घ्यावयाचा नाही असा दंडक होता, आणि त्यातून मीठही सुटत नसे. आजच्या एखाद्या स्मरणलेखकाच्या हाती ही हकीकत लागली असती तर त्याने एकतर 'काय त्या काळची निष्ठा' म्हणून हात जोडले असते, नाहीतर 'काय तो अंधार' म्हणून नाक मुरडले असते. लक्ष्मीबाई हसतात, आणि आपणांसही हसवितात. परंतु त्या हसण्यात त्या वेडाचा भार घरातील बायामुलांवर कसा पडत होता ह्याची पूर्ण नोंद आहे. मीठ धुण्याच्या घरात वाढलेली ही मुलगी पुढे जातिभेदाचा विचार स्वत:शी करून कोणाच्याही हातचे अन्न घेऊ लागते. ते परिवर्तन तिच्या बाबतीत एखाद्या व्याख्यानाने झालेले नाही. पाणी कोणाचे प्यायचे, चूल कोणाची, हे एकेक पायरीने ठरत गेले आहे. परंपरा टाकणे म्हणजे काय आणि राखणे म्हणजे काय, हे समजण्यासाठी ह्या पुस्तकाइतका भरवशाचा आधार मराठीत दुसरा नाही.

मग आपल्या स्मरणलेखांनी वळण कोणाचे घेतले? आमच्या मते ते 'श्यामची आई'चे घेतले, आणि तेही अर्धेच. साने गुरुजींनी १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात लिहिलेल्या त्या पुस्तकातील घर हे कर्जात बुडत चाललेले घर आहे. सावकाराचा माणूस दारात येऊन अपमान करून जातो, दागिने जातात, आई खंगत जाते. त्या आईचे संस्कार ह्या दैन्याशी झुंजत असलेले आहेत म्हणून त्यांना तेज आहे. अनुकरण करणाऱ्यांनी अश्रू तेवढे घेतले आणि कर्ज टाकून दिले. ज्या घरात कशाचीच उणीव नव्हती अशा घरातील आईचे वात्सल्य कितीही पाने भरून लिहिले तरी वाचकाच्या मनावर ओरखडा उठत नाही, ह्याचे कारण हेच असावे.

येथे आम्ही एका अशा पुस्तकाचे नाव घेणार आहो की ज्याला वाङ्मय म्हणण्यास काहींची ना असेल. कमलाबाई ओगले ह्यांचे 'रुचिरा' १९७० साली प्रसिद्ध झाले. त्याच्या कितीतरी आधी, १९१० साली, म्हणजे रमाबाईंच्या आठवणींच्याच वर्षी, लक्ष्मीबाई धुरंधर ह्यांनी 'गृहिणी-मित्र' ह्या नावाने एक हजार पाकक्रिया छापून ठेवल्या होत्या. एकाच वर्षी एका बाईने घराची हकीकत लिहावी आणि दुसरीने घराची कृती लिहावी, हा योगायोग मोठा बोलका आहे. 'रुचिरा'चा विशेष असा की तिचे माप वाटी आणि चमचा हे आहे. तराजू नसलेल्या, सासू जवळ नसलेल्या, परगावी एकटीने बिऱ्हाड मांडलेल्या मुलीला उद्देशून ती लिहिलेली आहे. पाककृतीच्या भाषेचे क्रियापद विध्यर्थी असते: भिजवावे, निथळावे, वाटावे. त्यात कर्ता लिहिलेला नसतो हे खरे. पण तो लपविलेलाही नसतो. कर्ता म्हणजे हातात पुस्तक धरून ओट्याशी उभी असलेली व्यक्ती, मग ती सून असो, मुलगा असो वा स्वत: साहेब असोत. 'पुरण शिजते' ह्या वाक्यापेक्षा 'पुरण वाटावे' हे वाक्य नैतिकदृष्ट्या वरच्या दर्जाचे आहे, असे विधान आम्ही गंभीरपणे करीत आहो.

आता कोरमंगल्याकडे वळू. ह्या मासिकाचे पुष्कळ वर्गणीदार जेथे नांदतात त्या वस्त्यांपैकी ही एक आहे. आणि घरगुती लेखनाला किती नवा विषय तेथे पडून आहे हे दाखविण्यास ती सोयीची आहे. दुसऱ्या ब्लॉकमधील केंद्रीय सदनात केंद्र सरकारची अनेक कार्यालये आहेत, प्राप्तिकर खात्याच्या कचेऱ्याही जवळच आहेत. १९९७ च्या राष्ट्रीय क्रीडास्पर्धांसाठी जी उंच निवासस्थाने बांधली गेली त्यांत आज कुटुंबे राहतात. बाहेरून पाहणाऱ्याला ही वस्ती नव्या धंद्यांची आणि खाणावळींची वाटते. (आम्ही वर सांगितलेली पुस्तके येथे मिळत नाहीत अशी सबब तर कोणी सांगूच नये, २००७ साली फ्लिपकार्टची पुस्तकविक्री सुरू झाली ती ह्याच कोरमंगल्यातील एका बिऱ्हाडातून!) बंगळूर मराठी माणसाला नवे नाही. शहाजीराजांना ते १६३८ साली जहागिरीत मिळाले होते, ही गोष्ट आपण सभांतून वारंवार सांगतो. शेजारच्या दाराची कडी वाजविण्यास मात्र त्या इतिहासाचा उपयोग होत नाही. तेथे उपयोग होतो तो वेगळ्याच माहितीचा.

ती माहिती कशी असते? भाद्रपद शुद्ध तृतीयेला, आपली हरितालिका असते त्या दिवशी, कानडी घरात गौरी येते. दुसऱ्या दिवशी गणपती येतो, तो माहेरी आलेल्या आईला परत न्यावयास, अशी तिकडची समजूत. आपल्याकडे गणपती आधी बसतो आणि मागाहून अनुराधा नक्षत्रावर ज्येष्ठागौरी येतात, ज्येष्ठेवर जेवतात, मुळावर जातात. एकाच जिन्यावर समोरासमोर दोन दारे; एका दारात आई आधी, दुसऱ्या दारात मुलगा आधी. सहा वर्षांच्या मुलीने ह्याचा जाब विचारल्यावर घरात जे संभाषण होते ते आमच्या वाचनात अद्याप आलेले नाही. गुढीपाडवा आणि युगादी एकाच दिवशी येतात, कारण दोन्ही घरे शालिवाहन शकाचे अमान्त पंचांग मानतात. दोन्हीकडे कडुनिंब आणि गूळ तोंडात घातला जातो. पण गुढी एकाच दारात उभी राहते. संक्रांतीला आपण तिळगूळ देऊन गोड बोला म्हणतो, आणि समोरच्या घरातून एळ्ळु-बेल्ल येते. तीळ, गूळ, सुके खोबरे, शेंगदाणे आणि डाळे ह्यांचे ते मिश्रण, जोडीला साखरेचे साचे आणि उसाचा करवा. आणि तेही खाऊन चांगले बोला असेच सांगणे असते. होळिगे आणि पुरणपोळी ह्या बहिणी खऱ्या, पण बंगळूरकडे पुष्कळ घरी पुरण तुरीच्या डाळीचे असते, आणि आपल्या कटाच्या आमटीच्या जागी होळिगेचे सारु असते. तुरीचे पुरण हे पुरणच नव्हे असे म्हणणाऱ्या, आणि तरीही दुसरी पोळी मागून घेणाऱ्या सासूबाई ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांनी त्या लिहावयास हव्यात.

नात्यांच्या शब्दांची मौज तर विचारूच नये. अक्का, अण्णा, अप्पा हे शब्द आपण कानडीतून घेतले आणि घरचे करून टाकले. तूप आणि खलबत्ताही तिकडचेच. पण आपली ताई म्हणजे थोरली बहीण, आणि कानडीत तायी म्हणजे आई. आपली आजी तेथे अज्जी होते आणि त्या द्वित्ताने थोडी अधिक वजनदार वाटू लागते. इरावतीबाई कर्वे ह्यांनी १९५३ साली भारतातील नातेसंबंधांवर जो इंग्रजी ग्रंथ लिहिला त्यात महाराष्ट्र मध्य विभागात आणि कर्नाटक दक्षिण विभागात घातला. मामाची मुलगी करण्याची चाल दोन्हीकडे. पण कानडी मुलखात मामा-भाचीचे लग्नही होते, आणि आपल्या घरी ते ऐकून कपाळाला आठ्या पडतात. ही विभागांची सीमारेषा नकाशावर जेथे असेल तेथे असो, कोरमंगल्यात ती जिन्यावरून जाते. त्याच इरावतीबाईंनी 'परिपूर्ती' ह्या लेखात स्वत:ची ओळख कोणाकोणाच्या षष्ठी विभक्तीने करून दिली जाते ह्याचा जो विनोद केला आहे, त्यात आमचा व्याकरणाचा मुद्दा त्यांनी १९४९ मध्येच निम्मा सांगून ठेवला होता असे म्हणता येईल. ह्यांची मुलगी, त्यांची सून, अमक्यांची पत्नी, आणि शेवटी रस्त्यावरच्या पोरांच्या तोंडी अमक्याची आई! हसत-हसत केलेली ती तक्रार आहे, आणि समाधानही आहे. दोन्ही एकाच वाक्यात नांदतात. स्मरणलेखकाला तक्रार आणि समाधान ह्यांची भांडी वेगळी लागतात.

बंगळूरच्या घराविषयी बंगळूरच्या भाषेत काय लिहिले जात आहे, इकडेही आपले लक्ष असावयास हवे. विवेक शानभाग ह्यांची 'घाचर घोचर' ही छोटी कानडी कादंबरी २०१३ साली आली आणि श्रीनाथ पेरूर ह्यांच्या इंग्रजी भाषांतराने ती जगभर गेली. चहा, मुंग्या, जुन्या घरातील दाटी, चुलत्याच्या मसाल्याच्या व्यवसायातून एकाएकी आलेला पैसा, आणि कॉफी हाऊसमध्ये बसून हे सर्व सांगणारा, स्वत: काहीही न करणारा पुरुष. ह्या घरात प्रेम आहे, आणि ते इतके घट्ट आहे की त्यात नव्याने आलेल्या सुनेचा जीव गुदमरतो. चुलत्याला भेटावयास एक बाई मसुरीच्या आमटीचा डबा घेऊन दारात येते, आणि घरातील बायका तिला ज्या तऱ्हेने हाकलून देतात तो प्रसंग वाचल्यावर 'एकत्र कुटुंबाचा जिव्हाळा' हे शब्द पुष्कळ दिवस उच्चारवत नाहीत. 'घाचर घोचर' हा शब्द कोणत्याही कोशात नाही. नायकाच्या बायकोच्या माहेरी गुंता झाला म्हणजे तो वापरीत. प्रत्येक घराला असे दोन-चार शब्द असतात. रांगोळी आणि उटणे सर्वांच्याच घरी असते. असा शब्द एकाच घरी असतो. आमच्या स्मरणलेखांतून नेमका तोच गळतो, कारण तो छापण्याजोगा नाही असे लेखकास वाटते.

कादंबरीकाराला कल्पनेचे स्वातंत्र्य असते, आणि बदलीवरील अधिकाऱ्याने स्वत:च्या घराची लक्तरे मासिकात वाळत घालावीत असे आमचे म्हणणे नाही, हे वेगळे सांगावयास नको. रमाबाईंनी तरी कोठे घातली आहेत? मर्यादा राखून खरे लिहिता येते. परंतु मर्यादा राखणे निराळे आणि कर्ता गाळणे निराळे. एक प्रश्न तर असा आहे की तो आमच्या पिढीनंतर कोणी विचारू शकणार नाही. पूर्वी अधिकारी पुरुष असे, आणि त्याच्या बदलीबरोबर घर हलत असे. आता अनेक घरी बदलीचा हुकूम पत्नीच्या नावाने निघतो, पती कोरमंगल्यात राहतो आणि ती गुवाहाटीला किंवा भोपाळला. तेथील एकटीच्या बिऱ्हाडात गौरी कोण बसविते? बसवितात की नाही? मुंबईहून सासूबाई दूरध्वनीवर किती वाट्या डाळ सांगतात, आणि कोरमंगल्यातील ओट्याशी ती डाळ घोटावयास कोण उभे राहते? काही घरी तो साहेबच असतो, हे आम्हांस ठाऊक आहे; पण मासिकाला पाठविलेल्या लेखात तोच साहेब पुन्हा 'पुरण शिजते' असे लिहितो, आणि स्वत:च्या हाताची रगही वाचकापासून लपवून ठेवतो.

कालनिर्णय १९७३ पासून मराठी घराच्या भिंतीवर आहे, आणि आता ते कानडीतही निघते. त्याच्या पानांच्या मागच्या बाजूस पाककृती असतात, लेख असतात. पुढच्या बाजूस मात्र तिथीच्या चौकटीत थोडी मोकळी जागा राहते. त्या जागेत घराघरातून पेन्सिलीने काय लिहिलेले असते ते आमच्या लेखकांनी एकदा पाहावे. दुधाचा खाडा, गॅसच्या टाकीची तारीख, मोलकरणीची रजा, कोणाच्या तरी श्राद्धतिथीभोवती काढलेले वर्तुळ, 'गुळाचा डबा समोर दिला'. पुढच्या दिवाळी अंकासाठी ज्यांस घराविषयी लिहावयाचे असेल, त्यांनी मूळ गावाकडे जाण्यापूर्वी ह्या वर्षाचे कॅलेंडर भिंतीवरून उतरवून घ्यावे, आणि प्रत्येक नोंदीचे अक्षर कोणाचे आहे ते आधी ओळखावे.